माणूस हजर करा : सज्ञानांचा स्वेच्छाविवाह आणि हेबियस कॉर्पस



आमच्या अभ्यासवर्गात संविधानाची कलमे शिकवताना विद्यार्थी ती मुकाट्याने वहीत उतरवून घेतात. परंतु कलम २२६ आले आणि 'हेबियस कॉर्पस' हा शब्द फळ्यावर लिहिला की मागच्या बाकावरून एखादी विद्यार्थिनी हमखास विचारते, "सर, मुलीने मर्जीने लग्न केले आणि घरच्यांनी तिला कोंडून ठेवले, तर हे कलम चालते का?" हा प्रश्न ती कोणासाठी विचारते, ते आम्ही विचारत नाही. मात्र त्या प्रश्नाला वहीभर उत्तर देण्याची जबाबदारी आमच्यावर आहे, असे आम्हांला वाटते. म्हणून यंदाच्या स्मरणिकेसाठी हाच विषय घेतला आहे.

थोडक्यात उत्तर असे, की होय, हे कलम चालते. पण ते दोन्ही बाजूंनी चालवता येते. कोंडलेल्या मुलीला सोडवण्यासाठी नवरा न्यायालयात जातो, तसाच निघून गेलेल्या मुलीला परत आणण्यासाठी बापही त्याच न्यायालयात, त्याच कलमाखाली जातो. तेव्हा ही याचिका नवऱ्याच्या बाजूची की बापाच्या, असा प्रश्नच चुकीचा आहे. ती आहे फक्त त्या सज्ञान माणसाच्या बाजूची, ज्याला हजर करायचे आहे. हे एक सूत्र नीट समजले तर पुढील सारे निकाल आपोआप उलगडतात.

१. शब्दाचा अर्थ आणि पूर्वपीठिका

'हेबियस कॉर्पस' हे लॅटिन शब्द. अर्थ साधा आहे : ज्याला तू अडकवून ठेवले आहेस, त्याचे शरीर न्यायालयापुढे हजर कर आणि कोणत्या अधिकाराने अडकवलेस ते सांग. मराठीत याला 'बंदी प्रत्यक्षीकरण' म्हणतात. शब्द जड असला तरी अर्थ नेमका आहे. बंदी असलेला माणूस न्यायाधीशाच्या डोळ्यांपुढे प्रत्यक्ष उभा राहिला पाहिजे. त्याच्या वतीने दुसऱ्याने कितीही बोलले तरी ते पुरेसे नाही.

इंग्लंडातून आलेल्या या आदेशावरून आपल्या महाराष्ट्रात एक मोठी लढाई झाली होती, हे फार थोड्यांना ठाऊक आहे. १८२८ साली पुण्यात मोरो रघुनाथ नावाच्या सुमारे १४ वर्षांच्या मुलाला त्याच्या वडीलधाऱ्या नातलगाने आपल्या ताब्यात ठेवले होते. मुंबईच्या तत्कालीन सुप्रीम कोर्टाने त्याला हजर करण्याचा आदेश काढला. गव्हर्नर सर जॉन माल्कम यांनी हा आदेश अमलात आणण्यास साफ नकार दिला. पुण्यातील बड्या घराण्यांच्या कारभारात मुंबईच्या कोर्टाने हात घालू नये, असे सरकारचे म्हणणे होते. न्यायमूर्ती सर जॉन पीटर ग्रँट यांनी निषेध म्हणून १८२९ मध्ये कोर्टाचे कामकाजच बंद ठेवले. अखेर लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने सरकारची बाजू उचलून धरली. मुंबईच्या हद्दीबाहेरील एतद्देशीय माणसासाठी या कोर्टाला असा आदेश काढता येणार नाही, असे ठरले.

याचा अर्थ काय झाला? पुण्याच्या वाड्यात कोंडलेल्या मुलापर्यंत कायद्याचा कागद पोहोचू शकला नाही. घरातल्या वडीलधाऱ्याचा शब्द हाच त्याच्यासाठी कायदा राहिला. पुढे १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४९१ मध्ये अशा आदेशाची सोय झाली. परंतु हा अधिकार खऱ्या अर्थाने घराघरात पोहोचला तो २६ जानेवारी १९५० रोजी. संविधानाच्या कलम ३२ प्रमाणे सर्वोच्च न्यायालयात आणि कलम २२६ प्रमाणे उच्च न्यायालयात कोणालाही दाद मागता येऊ लागली. हक्क नुसता लिहून ठेवला आणि तो मिळवण्याचा मार्ग दिला नाही तर तो हक्क पोकळ ठरतो, हे बाबासाहेबांनी ओळखले होते. म्हणूनच ९ डिसेंबर १९४८ रोजी संविधान सभेत बोलताना त्यांनी या उपाययोजनेच्या कलमाला संविधानाच्या आत्म्याचे आणि हृदयाचे स्थान दिले.

या मार्गालाही एकदा कुलूप लागले होते. आणीबाणीत, १९७६ साली, जबलपूर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या बहुमताने स्थानबद्धांना हेबियस कॉर्पसची दाद नाकारली. एकटे न्यायमूर्ती एच. आर. खन्ना विरोधात उभे राहिले. तो निकाल चुकीचा होता, असे सर्वोच्च न्यायालयानेच २०१७ मध्ये, खाजगीपणाच्या हक्काचा निकाल देताना, स्पष्ट केले. त्या लढाईत अडकवणारे सरकार होते. आपल्या विषयात अडकवणारे आपलेच घर असते.

२. याचिका प्रत्यक्षात कशी चालते

विद्यार्थ्यांना समजावे म्हणून एक कल्पित उदाहरण घेऊ. समजा, मूर्तिजापूरची २२ वर्षांची मुलगी आणि अचलपूरचा २५ वर्षांचा मुलगा. दोघांच्या जाती भिन्न. दोघांनी विवाह केला आणि नोंदणीही केली. मुलीच्या वडिलांनी ठाण्यात 'मिसिंग' दाखल केली. चार दिवसांनी "आई आजारी आहे" असा निरोप आला. मुलगी भेटायला गेली आणि तिथेच अडकली. मोबाईल काढून घेतला. दुसऱ्याच रात्री तिला मामाच्या गावी नेऊन ठेवले. मुलगा ठाण्यात गेला तर उत्तर मिळाले, "ती आईबापाकडे आहे, गुन्हा कुठला?"

गुन्हा आहे. सज्ञान माणसाला त्याच्या मर्जीविरुद्ध कोंडणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १२७ प्रमाणे गुन्हा आहे आणि त्या कलमात आईबापांना सूट दिलेली नाही. पहिला उपाय तालुक्याच्या ठिकाणीच आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०० प्रमाणे (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम ९७) दंडाधिकारी झडतीचे वॉरंट काढून कोंडलेल्या माणसाला आपल्यापुढे आणवू शकतात. त्याने काम भागले नाही, किंवा जिवाची भीती असली, तर उच्च न्यायालय.

अमरावती, अकोला, वाशीम, बुलढाणा आणि यवतमाळ हे पाचही जिल्हे मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाच्या कक्षेत येतात. अमरावतीहून नागपूर सुमारे दीडशे किलोमीटर, अकोल्याहून सुमारे अडीचशे. मुंबई गाठावी लागत नाही. तिथे फौजदारी रिट याचिका दाखल होते आणि दोन न्यायमूर्तींपुढे ती चालते. शासन, ठाणेदार, पोलीस अधीक्षक (अमरावती शहर असल्यास पोलीस आयुक्त) आणि मुलीला ठेवून घेणारे नातलग यांना प्रतिवादी केले जाते. कोंडलेल्या माणसाला स्वतः सही करता येत नाही, म्हणून त्याच्या वतीने नवरा, बायको, मित्र, मैत्रीण यांपैकी कोणीही अर्ज करू शकते. न्यायालय पोलिसांना नोटीस काढते आणि अमुक तारखेला मुलीला हजर करा असे सांगते.

आणि मग येतो तो क्षण, ज्यासाठी ही सारी धडपड. न्यायमूर्ती मुलीशी बोलतात, बहुधा आपल्या दालनात, आईवडील आणि नवरा दोघांनाही बाहेर ठेवून. प्रश्न मोजकेच असतात. वय किती? लग्न मर्जीने केले का? कोणी धाक घातला का? आणि शेवटचा : तुला कुठे जायचे आहे?

या शेवटच्या प्रश्नाच्या उत्तरावर निकाल होतो. "नवऱ्याकडे" म्हणाली तर ती नवऱ्याकडे जाते. "आईवडिलांकडे" म्हणाली आणि ते तिने मोकळेपणाने म्हटले अशी न्यायालयाची खात्री झाली, तर नवऱ्याची याचिका निकाली निघते. "मला वसतिगृहात राहून शिकायचे आहे" म्हणाली तर तिला तिथे जाऊ दिले जाते. आमच्या तरुण मित्रांनी हे विशेष ध्यानात ठेवावे. हेबियस कॉर्पस म्हणजे बायको परत मिळवण्याचा दावा नव्हे. तसा समज मनात धरून न्यायालयात जाणारा नवरा आणि मुलगी ही आपली मालमत्ता समजणारा बाप, यांच्यात फारसा फरक उरत नाही.

बाईने कोठे राहावे हे न्यायालयाने फर्मावण्याचा काळ आपल्या महाराष्ट्राने पाहिला आहे. मुंबईच्या रखमाबाईंविरुद्ध त्यांच्या पतीने १८८४ मध्ये दावा लावला. बालपणी, संमतीशिवाय झालेले ते लग्न त्यांना मान्य नव्हते. १८८७ मध्ये न्यायालयाने त्यांना नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा, असे सुनावले. रखमाबाईंनी तुरुंगाची तयारी दाखवली. पुढे १८८८ मध्ये तडजोड झाली, त्या इंग्लंडला गेल्या आणि डॉक्टर होऊन परतल्या. "तुला कुठे जायचे आहे?" हा आजचा प्रश्न आणि रखमाबाईंना मिळालेला हुकूम यांत सारे अंतर सामावले आहे.

३. सर्वोच्च न्यायालयाचे निकाल : क्रमाने

(अ) ग्यान देवी प्रकरण, १९७० चे दशक. दिल्लीच्या नारी निकेतनमध्ये ठेवलेल्या मुलीचे वय १८ च्या वर होते. ती सज्ञान आहे, तेव्हा तिने कोणाकडे राहावे यावर कोणतेही बंधन घालता येणार नाही, असे न्यायालयाने सांगून तिची सुटका केली. संरक्षणाच्या नावाखाली सरकारी गृहात ठेवणे हीसुद्धा कैदच असू शकते, हा यातील धडा.

(आ) लता सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य, ७ जुलै २००६. मुलीने आंतरजातीय विवाह केला. भावांनी हरवल्याची तक्रार दिली आणि सासरच्या माणसांना अटक झाली. न्यायालयाने ते खटले रद्द केले. सज्ञान व्यक्ती मनाप्रमाणे विवाह करू शकते. आईवडिलांना ते पसंत नसेल तर ते फार तर संबंध तोडू शकतात, धमकी देऊ शकत नाहीत, छळू शकत नाहीत. अशा जोडप्यांना त्रास होणार नाही हे पाहण्याचे काम देशभरच्या पोलिसांवर टाकले गेले.

(इ) हादिया प्रकरण (शफीन जहाँ विरुद्ध अशोकन), २०१८. आमच्या मते अभ्यासासाठी हे प्रकरण सर्वांत महत्त्वाचे. येथे याचिका वडिलांची होती. मुलगी २४ वर्षांची, वैद्यकीय शिक्षण घेणारी. तिने धर्म बदलला आणि विवाह केला. केरळ उच्च न्यायालयाने मे २०१७ मध्ये हेबियस कॉर्पसच्या याचिकेतच तिचा विवाह रद्द ठरवला आणि तिला वडिलांच्या घरी पाठवले. सुटकेसाठी जन्मलेल्या आदेशाने एका सज्ञान स्त्रीला घरात कोंडले! नोव्हेंबर २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिला स्वतःपुढे बोलावून ऐकले आणि सेलमच्या महाविद्यालयात शिक्षण पुरे करण्यास पाठवले. ८ मार्च २०१८ रोजी उच्च न्यायालयाचा आदेश रद्द झाला. हेबियस कॉर्पसमध्ये विवाह वैध की अवैध हे ठरवायचे नसते. माणूस मोकळा आहे की नाही एवढेच पाहायचे असते. त्याच वर्षी ५ जानेवारीला दुसऱ्या एका प्रकरणात न्यायालयाने सांगितले होते, की मूल १८ वर्षांचे झाल्यावर न्यायालयाने आईच्या किंवा बापाच्या भावनेने वाहून जाऊन त्याचे पालकत्व स्वतःकडे घेऊ नये.

(ई) शक्ती वाहिनी विरुद्ध भारत सरकार, २७ मार्च २०१८. दोन सज्ञान व्यक्ती विवाहास राजी असल्या की घराण्याची, जातीची, पंचायतीची संमती लागत नाही, असे या निकालाने बजावले. अशा जोडप्यांसाठी प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष, २४ तासांची हेल्पलाईन आणि सुरक्षित निवारा असावा, हयगय करणाऱ्या अधिकाऱ्यांवर कारवाई व्हावी, असे आदेश दिले. महाराष्ट्राच्या गृह विभागाचे यासंबंधीचे परिपत्रक निघायला डिसेंबर २०२४ उजाडले.

(उ) नंदकुमार विरुद्ध केरळ राज्य, २० एप्रिल २०१८. मुलगी १९ वर्षांची, मुलाला २१ पूर्ण नव्हती. तेवढ्यावरून मुलीला वडिलांच्या ताब्यात देणे चूक ठरले. विवाहाचे वय झाले नाही तरी दोघे सज्ञान असतील तर एकत्र राहण्याचा त्यांचा हक्क कायम राहतो. मुंबई उच्च न्यायालयानेही डिसेंबर २०२४ मध्ये, २१ पूर्ण न झालेल्या मुलाच्या याचिकेवर, चेंबूरच्या शासकीय गृहात ठेवलेल्या सज्ञान मुलीला तिच्या इच्छेप्रमाणे जाण्यास मोकळे केले.

(ऊ) बेळगाव जिल्ह्यातील प्रकरण, ८ फेब्रुवारी २०२१. आपल्या सीमाभागातील हे प्रकरण. दोघेही उच्चशिक्षित, अध्यापनाच्या पेशातील. विवाहाची माहिती मुलीने पोलिसांना कळवली होती. तरी तपास अधिकारी तिने मुरगोड ठाण्यात येऊनच जबाब द्यावा, नाहीतर नवऱ्यावर अपहरणाचा गुन्हा लागेल, असे म्हणत राहिला. सर्वोच्च न्यायालयाने यावर कडक ताशेरे ओढले आणि अशी प्रकरणे कशी हाताळावीत याचे प्रशिक्षण पोलिसांना देण्यास सांगितले. आपल्यासाठी विशेष गोष्ट अशी, की या निकालात न्यायालयाने बाबासाहेबांच्या 'जातिनिर्मूलन' या ग्रंथाचा आधार घेतला. आंतरजातीय विवाह हाच जात मोडण्याचा खरा उपाय, हा १९३६ चा विचार ८५ वर्षांनी सर्वोच्च न्यायालयाच्या निकालपत्रात आला.

(ए) देवू नायर प्रकरण, ११ मार्च २०२४. अशा याचिका उच्च न्यायालयांनी कशा चालवाव्यात याची रीत येथे घालून दिली. तारखा न लांबवता त्या आधी घ्याव्यात. अर्जदाराचे नाते काय याची उकरून चौकशी करू नये. कोंडलेल्या व्यक्तीशी दालनात, एकांतात, निर्धास्त वातावरणात बोलावे. तिचे मन वळवण्यासाठी समुपदेशनाचा वापर करू नये. तिने घरी जायचे नाही म्हटले तर तत्काळ मोकळे करावे आणि गरज असल्यास पोलीस संरक्षण द्यावे.

४. आमच्या वऱ्हाडातील चित्र

निकाल दिल्लीत लागतात. आपल्या गावात काय घडते, हेही पाहिले पाहिजे.

फेब्रुवारी २०२० मध्ये अमरावती जिल्ह्यातील चांदूर रेल्वे येथील एका महाविद्यालयाच्या विद्यार्थिनींकडून प्रेमविवाह करणार नाही अशी शपथ म्हणवून घेतल्याची बातमी देशभर गाजली. हुंडा घेणाऱ्याशी लग्न करणार नाही, असाही त्या शपथेचा एक भाग होता आणि तो भाग स्वागतार्हच होता. परंतु शपथ फक्त मुलींना का, आणि हुंड्याच्या पापाच्या रांगेत स्वतः जोडीदार निवडणे हे का बसवले, याचे समाधानकारक उत्तर आम्हांला सापडले नाही. हुंडा कायद्याने गुन्हा आहे. निवड हा संविधानाच्या कलम २१ ने दिलेला हक्क आहे.

दुसरा प्रसंग सप्टेंबर २०२२ चा. अमरावतीत एक १९ वर्षांची मुलगी घरातून निघून गेली. तिला पळवून नेले, बळजबरीने लग्न लावले, असा बोभाटा झाला आणि राजापेठ ठाण्यात मोठा गदारोळ उडाला. ती मुलगी सातारा येथे रेल्वेत सापडली. आपण रागाच्या भरात एकटीच घराबाहेर पडलो, असे तिने सांगितले. तिच्याविषयी सारे शहर बोलत होते, आणि जिला माहीत होते तिलाच अजून कोणी विचारले नव्हते. म्हणून आम्ही म्हणतो, आधी माणूस हजर करा.

मात्र वऱ्हाडाचा एवढाच वारसा नाही. याच मातीतील पापळ गावचे डॉ. पंजाबराव देशमुख यांनी १९२७ साली मुंबईच्या सोनार समाजातील विमलाबाईंशी आंतरजातीय विवाह केला. विमलाबाई पुढे राज्यसभेच्या सदस्य झाल्या. त्याच १९२७ च्या नोव्हेंबरात अंबादेवी मंदिर प्रवेशाच्या प्रश्नावर अमरावतीत बाबासाहेबांच्या अध्यक्षतेखाली परिषद भरली होती. मंदिराचे दार आणि घराचे दार, दोन्हींवर एकाच वर्षी थाप पडली. बाबासाहेबांनी स्वतः १५ एप्रिल १९४८ रोजी दिल्लीत डॉ. शारदा कबीर यांच्याशी नोंदणी पद्धतीने विवाह केला, तोही जातीची भिंत ओलांडूनच.

अशा विवाहांपुढील धोका मात्र खोटा नाही. नगर जिल्ह्यातील सोनई येथे जानेवारी २०१३ मध्ये प्रेमसंबंधाच्या रागातून तीन दलित तरुणांची हत्या झाली. त्याच जिल्ह्यातील खर्डा येथे एप्रिल २०१४ मध्ये एका १७ वर्षांच्या विद्यार्थ्याला मारून झाडाला लटकवण्यात आले, आणि २०१७ मध्ये सर्व आरोपी निर्दोष सुटले. म्हणून हेबियस कॉर्पसची याचिका ही कधी कधी जीव वाचवण्याची शर्यत असते. तिथे एकेक दिवस मोलाचा.

५. बुद्धवचन आणि आईबापांचे कर्तव्य

आमच्या वर्गात एका उपासकांनी आक्षेप घेतला. ते म्हणाले, "सिगालोवाद सुत्तात आईवडिलांच्या पाच कर्तव्यांत मुलांचा योग्य जोडीदाराशी विवाह लावणे हे सांगितले आहे. मग निवड आईवडिलांचीच झाली ना?" आक्षेप अभ्यासपूर्ण होता, म्हणून त्याचे उत्तर येथे नोंदवतो.

दीघनिकायातील त्या सुत्तात पाच कर्तव्ये अशी आहेत : पापापासून परावृत्त करणे, चांगल्या कामाकडे वळवणे, कला-शिल्प शिकवणे, योग्य जोडीदाराशी विवाह करून देणे आणि वेळ आल्यावर वारसा स्वाधीन करणे. ही आईवडिलांनी पाळायची कर्तव्ये आहेत, त्यांनी गाजवायचे अधिकार नव्हेत. तिथे जात पाहा असे म्हटलेले नाही, कोंडून ठेवा असेही म्हटलेले नाही. आणि पाचवे कर्तव्य तर हातातले सोडून देण्याचे आहे. ज्याला शहाणे केले, शिक्षण दिले, त्याच्या हाती त्याचे आयुष्य सोपवायचे. मुलीला पदवीपर्यंत शिकवायचे आणि जोडीदाराच्या बाबतीत तिला अक्कल नाही म्हणायचे, हे कोणत्या सुत्तात बसते?

येथे आपण स्वतःलाही तपासले पाहिजे. सवर्ण घरातील मुलगी आपल्या मुलाशी विवाह करते तेव्हा आपण संविधानाचे दाखले देतो. आपली मुलगी पोटजातीबाहेर, मातंग, चर्मकार किंवा मुस्लिम मुलाशी विवाह करू म्हणते, तेव्हा आपल्यातील किती जण तोच दाखला स्वतःला देतात? वडिलांचे दुःख आम्ही हलके लेखत नाही. वाढवलेले लेकरू न सांगता निघून गेले तर काळीज तुटते. मुलगा फसवणारा असेल ही भीतीही नेहमीच खोटी नसते. त्यासाठी चौकशी करावी, समजवावे, थांब म्हणावे, रागही धरावा. फक्त कडी लावू नये. कडी लागली की आईबाप राहत नाहीत, कायद्याच्या भाषेत ते प्रतिवादी होतात.

६. व्यवहारात काय करावे

विवाहाचा विचार करणाऱ्यांनी आणि त्यांना मदत करणाऱ्यांनी पुढील गोष्टी लिहून ठेवाव्यात.

१) वय आधी. विवाहासाठी मुलीला १८ आणि मुलाला २१ पूर्ण हवीत. जन्माचा दाखला किंवा शाळेची टी.सी. जवळ असावी. मुलगी १८ च्या आत असेल तर हे सारे बदलते. अपहरणाचा आणि पोक्सोचा गुन्हा लागतो, आणि तिची संमती कायदा धरत नाही. अशा वेळी आमचा सल्ला एकच : थांबा आणि शिका.

२) विवाह कोणत्या कायद्याने? हिंदू विवाह कायदा १९५५ बौद्धांनाही लागू आहे. त्यामुळे बौद्ध आणि हिंदू यांचा विवाह त्याच कायद्याने होऊ शकतो. मुस्लिम किंवा ख्रिस्ती जोडीदार असल्यास विशेष विवाह कायदा १९५४. त्यात ३० दिवसांची नोटीस लागते, ती लपत नाही हे लक्षात घ्यावे.

३) विहारात मंगल परिणय लावताना संस्थेच्या कार्यकर्त्यांनी दोघांच्या वयाचे पुरावे पाहावेत, दोघांना वेगवेगळे बसवून मर्जी विचारावी आणि विवाहाची नोंदणी करून घ्यावी. घाईत लावलेले लग्न न्यायालयात दुबळे पडते.

४) 'मिसिंग' किंवा अपहरणाची तक्रार होईल असे वाटल्यास मुलीने स्वतः लेखी कळवावे की आपण मर्जीने आलो आहोत. पोच घ्यावी. दंडाधिकाऱ्यांपुढे कलम १८३ प्रमाणे जबाब देता येतो.

५) "एकदा येऊन भेटून जा" असा निरोप आला आणि मनात शंका असली तर भेट ठाण्यात, वकिलासमोर किंवा विश्वासू वडीलधाऱ्यांच्या घरी ठेवावी.

६) संपर्क तुटला तर दिवस घालवू नयेत. ठाण्यात लेखी तक्रार, मग अधीक्षक किंवा आयुक्त, मग दंडाधिकारी किंवा थेट नागपूर खंडपीठ. तक्रारींच्या प्रती, विवाहाचा दाखला, वयाचे पुरावे, शेवटचे संदेश सारे जपून ठेवावे.

७) पैसे नाहीत म्हणून थांबू नये. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ च्या कलम १२ प्रमाणे सर्व स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना, उत्पन्न न पाहता, मोफत वकील मिळतो. जिल्हा न्यायालयाच्या आवारातील जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा. दूरध्वनी १५१००. महिला हेल्पलाईन १८१, पोलीस ११२.

८) जातीने किंवा पंचायतीने वाळीत टाकले तर महाराष्ट्राचा सामाजिक बहिष्कार प्रतिबंधक कायदा (२०१६) आहे. पीडित अनुसूचित जातीचा असल्यास अत्याचार प्रतिबंधक कायदाही पाहावा.

७. समारोप

१८२८ साली पुण्याच्या वाड्यातील मुलापर्यंत न्यायालयाचा कागद पोहोचला नाही. आज तो दर्यापूर-बार्शीटाकळीच्या आडगावातील बंद खोलीपर्यंत पोहोचू शकतो. हे अंतर संविधानाने कापले. पण खोलीचे दार उघडण्यासाठी कोणीतरी नागपूरला जाऊन अर्ज द्यावा लागतो, आणि तो देणारा माणूस बहुधा घाबरलेला, एकटा, नोकरी नसलेला तरुण असतो. त्याच्यासोबत ठाण्यापर्यंत जाणारे दोन वडीलधारे आपल्या संस्थेत असावेत, एवढीच आमची अपेक्षा.

आणि आईवडिलांना एक विनंती. न्यायमूर्ती दालनात जो प्रश्न विचारतात, तो विचारायला उच्च न्यायालय लागत नाही. आपल्या ओसरीवर, आपल्या लेकीला जवळ बसवून, तिचे उत्तर ऐकण्याची तयारी ठेवून तोच प्रश्न आपणही विचारू शकतो : बाळ, तुला कुठे जायचे आहे?

विद्यार्थ्यांसाठी अभ्यासप्रश्न :

१) हेबियस कॉर्पसची याचिका वडिलांनी केली काय किंवा नवऱ्याने केली काय, न्यायालयाने पाहण्याची गोष्ट एकच का?

२) हादिया प्रकरणात उच्च न्यायालयाचे कोठे चुकले?

३) मुलगी सज्ञान आहे, पण मुलगा २० वर्षांचा आहे. तिला आईवडिलांच्या ताब्यात देता येईल काय? निकालाच्या आधारे लिहा.

४) सिगालोवाद सुत्तातील आईवडिलांची पाच कर्तव्ये लिहून त्यांतील पाचव्याचा आजच्या संदर्भात अर्थ सांगा.

भवतु सब्ब मंगलं!